वायर पुरेल तिथपर्यंत

नमस्कार श्रोतेहो. आज सिनेदिग्दर्शिका आन्येस वार्दाबाईंविषयी. जन्म १९२८ चा, ब्रसेल्सचा. वडील ग्रीक, आई फ्रेंच. आधी फोटोग्राफर, मग १९५४ साली सिनेमासाठी स्वतःची छोटी कंपनी. फ्रान्स झालं, क्युबा झालं, अमेरिका झाली, इराणही झालं. तिथे केलेल्या सगळ्या सिनेमांची नावं वाचत बसलो तर आपली वेळ संपेल, आणि मला तर वायरची गोष्ट सांगायचीय.

पॅरिसमधल्या र्‍यू दागेर या रस्त्यावर बाई राहायच्या. साल १९७५ च्या आसपासचं. मुलगा जेमतेम दोन-तीन वर्षांचा. जर्मन टीव्हीचं काम तर हातात आलेलं, पण पोराला टाकून लांब कुठे जाणार? मग त्यांनी काय केलं, घरच्या मीटरवरून वायर ओढली. ८०-९० मीटर लांब. दुकानदारांना वीजबिलाचा भुर्दंड नको, म्हणून वीजही आपल्याच घरची. आणि ठरवलं, ही वायर पुरेल तिथपर्यंतच शूटिंग. पुन्हा सांगतो, वायर पुरेल तिथपर्यंतच!

आता आमच्या घरी मिक्सरची वायर ओट्यावरच्या प्लगपर्यंतही पुरत नाही. कंपन्या ती मुद्दाम आखूड ठेवतात, हे माझं जुनं मत आहे आणि मी ते सोडणार नाही. असो.

तर त्या वायरच्या टप्प्यात काय आलं? पाववाला, खाटीक, शिंपी, अकॉर्डियनचं दुकान. आणि अत्तरं विकणारं एक म्हातारं जोडपं. आजोबा गिऱ्हाईक बघतात, आजी गप्प. संध्याकाळ झाली की आजी दाराशी जाते, आता निघालेच अशी, आणि परत फिरते. कॅमेरा तिच्याकडे नुसता बघत राहतो. वायर संपली असेल, बघणं संपत नाही.

याच बाई १९६७ साली कॅलिफोर्नियात गेल्या, तर तिथे बोटीवर राहणारा एक ग्रीक नातेवाईक निघाला. चित्रकार. आधी कधी भेट नाही. बाईंनी त्या पहिल्या भेटीचाच सिनेमा केला. "तूच का तो?" "हो, मीच!" मग मिठी. कट. परत दारातून या, परत मिठी. चार-चारदा पहिली भेट, आणि ते सगळे टेक त्यांनी सिनेमात तसेच ठेवलेत.