वर-खाली निखारे : ओव्हनमधलं एका भांड्यातलं जेवण

मंडळी, नमस्कार. विषय तुम्हाला कळवलेला आहेच : ओव्हनमध्ये एकाच भांड्यात होणारं रात्रीचं जेवण. शाकाहारी, आणि दूध-तूपही नसलेलं. तीन पदार्थ प्रमाणासकट सांगणार आहे, वह्या उघड्या ठेवा. त्याआधी मात्र एक मुद्दा नीट बोलू द्या. तो लक्षात आला नाही, तर वहीतली प्रमाणं फसतात.

किती जणांच्या ओटीजीत, म्हणजे घरातल्या छोट्या विजेच्या ओव्हनमध्ये, आत्ता कढया ठेवलेल्या आहेत? हात वर करा. बघा, अर्धं सभागृह! आपल्याकडे हे यंत्र केकसाठी येतं आणि मग त्याचं कपाट होतं. ओव्हन आपला नाहीच, असं आपण धरून चाललोय. पण कोकणात तवसाळी किंवा धोंडस करताना पातेल्याखाली विस्तव आणि झाकणावर निखारे ठेवतात. ओटीजीत वर रॉड, खाली रॉड. काम तेच.

आणि पोपटी? रायगडकडची मंडळी आहेत ना इथे? थंडीत वालाच्या शेंगा भरल्या, की मडक्याच्या तळाशी भांबुर्ड्याचा, म्हणजे एका वासाच्या रानरोपाचा, पाला घालायचा. त्यावर शेंगा, जाडं मीठ, ओवा, मग बटाटे, रताळी, वांगी, पुन्हा शेंगा. तोंड पाल्यानेच गच्च बुजवायचं, मडकं उपडं ठेवायचं आणि भोवती पेंढा-पालापाचोळा पेटवायचा. अर्ध्या-पाऊण तासाने मडक्यावर पाण्याचा शिपका मारतात. चर्र वाजून पाणी लगेच उडालं, की पोपटी झाली. बरेच जण आत अंडी, कोंबडी घालतात. पण नुसत्या शेंगा-बटाट्याची पोपटी घ्या : तूप नाही, दूध नाही, आत ओतलेल्या पाण्याचा एक थेंब नाही. आजकाल ज्याला व्हीगन म्हणतात ते जेवण रायगडच्या शेतात कधीपासूनच शिजतंय. सुरतेकडचं उंधियुं याच जातीचं. उंधुं म्हणजे उपडं, नाव त्यावरूनच पडलं.

पोपटीत भाजीचं आणि पाल्याचं पाणी आत कोंडलेलं असतं, शेंगा त्या वाफेवर शिजतात. आता याच्या उलट भरिताचं वांगं बघा. उघड्या आचेवर त्याची साल करपते, पाणी उडतं, चव दाट होते. ओव्हनमधल्या जेवणाचे हे दोनच रस्ते : पाणी कोंडायचं किंवा पाणी घालवायचं. भांडं ओव्हनमध्ये जाण्यापूर्वी हे ठरलं पाहिजे. माझं सगळं म्हणणं एवढ्यावर उभं आहे.

आता तक्रार. 'भाज्या खरपूस होत नाहीत, उकडल्यासारख्या होतात, आमचा ओव्हन तापतच नाही.' ओव्हन बहुतेक वेळा तापत असतो. चूक ट्रेच्या मापात असते. परदेशी कृतींमधला ट्रे साधारण ४६ बाय ३३ सेंटिमीटरचा. अमेरिकेतल्या तुमच्या मुलीच्या ओव्हनमध्ये तो आरामात बसतो. आपल्या २५-३० लिटरच्या ओटीजीतला ट्रे ३० बाय २५ च्या आसपास, म्हणजे जागा निम्मी. भाजी मात्र आपण कृतीत लिहिलेली सगळी घालतो. एकावर एक थर बसतो, खालच्या फोडींची वाफ वरच्या फोडींत शिरते, आणि ट्रेची पोपटी होते. हवं होतं भरीत!

असं का होतं ते सांगतो. फ्लॉवर, वांगं यांत शंभरातले ९२ भाग पाणी. फोडीच्या पृष्ठभागावर ते आहे, तोवर तिथलं तापमान १०० अंशांच्या पुढे फारसं सरकत नाही, ओव्हन २२० वर असला तरी. खरपूस रंग आणि वास यायला साधारण १४० अंश लागतात. फ्रेंच शास्त्रज्ञ माईयार्ड यांनी १९१२ साली या रंगामागची रासायनिक क्रिया मांडली, म्हणून ती त्यांच्या नावाने ओळखली जाते. आणि पाणी उडवणं हे महागाचं काम आहे. लिटरभर पाणी २५ अंशांपासून उकळीपर्यंत न्यायला जी उष्णता लागते, तिच्या सातपट उष्णता ते उकळलेलं पाणी पूर्ण वाफ व्हायला लागते. तेव्हा आपल्या ट्रेला एका वेळी ५००-६०० ग्रॅम भाजी, एकच थर, फोडींमध्ये बोटभर जागा. चार माणसं असतील तर दोन घाणे करा. धुतलेली भाजी फडक्याने खरोखर कोरडी करा. ओव्हन आधी १५ मिनिटं तापवा. दिवा विझला म्हणजे ओव्हन तापला, असं समजू नका. तो दिवा फक्त रॉड चालू की बंद ते सांगतो, आणि बटणावरचा आकडा आणि आतलं तापमान यांत बराच फरक असू शकतो. आत टांगायचा साधा थर्मामीटर घ्या. पंखा लावत असाल तर आकडा २० अंशांनी कमी करा.

काचेच्या भांड्याचंही सांगायचं होतं… चिठ्ठी आली, दहा मिनिटं राहिलीत. एवढंच लिहून घ्या : फ्रीजमधलं काचेचं भांडं थेट गरम ओव्हनमध्ये नको, आणि गरम काचेत गार पाणी नको. तडकते.

आता पदार्थ, भराभर.

पहिला उघडा ट्रे, दोघांना पुरेल असा. फ्लॉवरचे तुरे २५० ग्रॅम, रताळ्याच्या दीड सेंटिमीटरच्या फोडी २०० ग्रॅम, शिजवून निथळून पुसलेले काबुली चणे १५० ग्रॅम. तेल अडीच मोठे चमचे, मीठ एक छोटा चमचा, धणे-जिरे पूड दोन छोटे चमचे. २२० अंश, वरखाली दोन्ही रॉड, मधली खाच, ३५ ते ४० मिनिटं. विसाव्या मिनिटाला उलथा. लसूण आणि तिखट सुरुवातीला घातलं तर जळून कडू होतं, शेवटच्या दहा मिनिटांत घाला. वरून दाण्याचं कूट, लिंबू, मीठ, थोडं पाणी असं घोटून सैल करून ओता. चणे आहेत, रताळं आहे, सोबत भाकरी नसली तरी पोट भरतं.

दुसरा, आधी झाकलेला मग उघडा : भरली वांगी आणि बटाटे. लहान वांगी ४००, बटाटे २०० ग्रॅम. सारणाला कूट अर्धी वाटी, भाजलेले तीळ आणि सुकं खोबरं दोन-दोन मोठे चमचे, गोडा मसाला दोन छोटे चमचे, तिखट, मीठ, गूळ. सारणात चिंच नाही! आंबटपणात बटाटा लवकर मऊ होत नाही, फोडीच्या पेशी धरून ठेवणारं पेक्टिन आम्लात घट्ट राहतं. टोमॅटोचंही तेच. तेल तीन मोठे चमचे, गरम पाणी अर्धी वाटी, फॉइल गच्च, २०० अंशांवर ४० मिनिटं. सुरी बटाट्यात सहज शिरली की मोठा चमचाभर चिंचेचा कोळ घाला आणि फॉइल काढून १५ मिनिटं ठेवा, रस आटून तेल सुटेपर्यंत.

तिसरा पूर्ण झाकलेला, मसालेभात. उभी चिरलेली तोंडली १५० ग्रॅम, दोन मोठे चमचे तेलाच्या फोडणीत घोळवून, त्याच भांड्यात १९० अंशांवर दहा मिनिटं. तोंडली भातापेक्षा हळू शिजतात, म्हणून त्यांना आधी पाठवायचं. मग २० मिनिटं भिजवून निथळलेला २०० ग्रॅम कोलम, मूठभर मटार, गोडा मसाला, मीठ, आणि ३५० मिलिलिटर पाणी. पाणी उकळतंच हवं. गार ओतलं तर ओव्हनचा बराच वेळ ते तापवण्यात जातो, तळाचा भात गिच्च होतो आणि वरचा टचटचीत राहतो. फॉइलची कड भांड्याला चारी बाजूंनी दाबून बसवा, ३० मिनिटं ठेवा. मग ओव्हन बंद, दार न उघडता दहा मिनिटं मुरू द्या. तुपाऐवजी ओलं खोबरं भरपूर, कोथिंबीर, लिंबू. आणि फॉइल उचलताना आपल्यापासून लांबची कड आधी उचला, नाहीतर पहिली वाफ थेट मनगटावर येते.