कानाने बघणारा माहितीपटकार

नमस्कार, श्रोतेहो.

फ्रेडरिक वाइजमन हे अमेरिकेतले मोठे माहितीपटकार. पण चित्रीकरण चालू असताना त्यांच्या हातात कॅमेरा नसायचा, मायक्रोफोन असायचा. कॅमेरा दुसऱ्याच्या खांद्यावर. वाइजमन आवाज पकडत पुढे, आणि ते मायक्रोफोन वळवतील तिकडे कॅमेरा वळायचा. आधी ऐकायचं, मग बघायचं. रेडिओवर काम करणाऱ्या मला हे किती जवळचं वाटतं, काय सांगू!

हा माणूस मूळचा वकील, बॉस्टनमध्ये कायदा शिकवणारा. १९६७ साली त्यांनी मनोरुग्ण कैद्यांच्या संस्थेवर 'टिटिकट फॉलीज' केला. मॅसॅच्युसेट्समधल्या न्यायालयाने त्यावर निर्बंध घातले, ते उठायला १९९१ साल उजाडलं. वाइजमन थांबले नाहीत. शाळा, इस्पितळ, ग्रंथालय, नगरपालिका, एकेका ठिकाणी आठवडेच्या आठवडे जाऊन बसले. निवेदन नाही, मुलाखत नाही, पार्श्वसंगीत नाही. आपण मुलाखत घेताना समोरचा जरा थबकला की लगेच पुढचा प्रश्न टाकतो. तो मोह मला चांगला ठाऊक आहे. वाइजमन तिथे गप्प राहतात.

काहींना वाटतं, यात काय, कॅमेरा लावला की झालं. अजिबात नाही. चित्रफीत पुष्कळदा शंभर तासांच्या पुढे जायची. त्यातून काय ठेवायचं, कशाला काय जोडायचं, हे ते स्वतः संकलनाला बसून महिनोन् महिने ठरवायचे. त्यांचं म्हणणं तिथे असतं.

'हॉस्पिटल' हा १९७०चा माहितीपट, न्यूयॉर्कच्या एका सार्वजनिक इस्पितळातला. त्यात एक मानसोपचारतज्ज्ञ आपल्या तरुण रुग्णाला सरकारी मदत मिळावी म्हणून कल्याण खात्यात फोन लावतात. पलीकडची बाई काय बोलते, ते आपल्याला ऐकूच येत नाही. ऐकू येतात फक्त डॉक्टर. रुग्णाचा आजार समजावून सांगतात, विनवतात, परत पहिल्यापासून सांगतात. कॅमेरा त्यांच्यापाशीच असतो. शेवटी फोन कट होतो. "तिने फोन ठेवला," एवढंच डॉक्टर म्हणतात. खातं किती निर्ढावलेलं आहे हे एखाद्या निवेदकाने सांगितलं असतं, तर मी ते कधीच विसरलो असतो. तो रिसीव्हर हातात धरलेला माणूस मात्र विसरता येत नाही.

मला नेहमी वाटतं, वाइजमनच्याही मनात तो फोन राहिला असावा. कारण पुढे ते न्यूयॉर्कच्या कल्याण खात्याच्याच एका कचेरीत गेले. १९७५चा 'वेल्फेअर', पावणेतीन तासांचा. या खिडकीवरून त्या खिडकीवर, एक कागद कमी म्हणून परत मागे. आणि टेबलापलीकडचे कारकूनही तितकेच थकलेले, नियमांच्या त्याच जंजाळात अडकलेले. फोनच्या त्या टोकाला कोण असतं, ते आता ऐकू येतं. शेवटाकडे एक गृहस्थ एकटेच बसून, वर बघत बोलत राहतात. त्यांचं ऐकायला कुणी नाही. मायक्रोफोन तेवढा त्यांच्यापाशी थांबलेला आहे.

नमस्कार.