वेस्ट पॉइंटची पोरं आणि राजेंद्रनगरचे मामा

(दृश्य: पहाट. इंदूर, राजेंद्रनगर. अंधाऱ्या बैठकीत टीव्हीचा उजेड.)

7 डिसेंबर 2024, शनिवार. सकाळचे साडेसहा. कोपऱ्यावरच्या ठेल्यावर पोहे आत्ता कुठे वाफेला लागलेत. आणि माझे मामा मफलर गुंडाळून टीव्हीसमोर ताठ बसलेत. तिकडे हडसन नदीकाठी अजून शुक्रवारची रात्र आहे. मायकी स्टेडियमवर अमेरिकेच्या लष्करी अकादमीचा, म्हणजे वेस्ट पॉइंटचा अमेरिकन फुटबॉल संघ टुलेन विद्यापीठाविरुद्ध उतरतोय. या संघाला सगळे आर्मीच म्हणतात.

मामा फौजेच्या सिग्नल्समधून, म्हणजे संदेशवहन दलातून सुभेदार म्हणून निवृत्त झाले. शेवटची पोस्टिंग महूची, मिलिटरी कॉलेज ऑफ टेलिकम्युनिकेशन इंजिनिअरिंगमध्ये. हा खेळ त्यांनी माझ्या मोबाइलवर पहिल्यांदा पाहिला, तेव्हा नियम विचारले नाहीत. विचारलं ते एवढंच, "ही पोरं कॉलेज संपल्यावर काय करतात?"

मी सांगितलं, सेकंड लेफ्टनंट होतात. निदान पाच वर्षं फौजेत काढतात.

त्या दिवसापासून त्यांच्या खिशातल्या डायरीत या संघाचे सामने आहेत.

इंदूरला फौजी खेळाडूंचा लळा जुनाच. सी. के. नायडू होळकरांच्या फौजेत कर्नल होते. महायुद्धात महूला नेमणुकीवर आलेला डेनिस कॉम्प्टन होळकर संघाकडून 1944-45 चा रणजी अंतिम सामना खेळला आणि नाबाद 249 करून गेला. तोच कॉम्प्टन इंग्लंडमध्ये आर्सेनलकडून फुटबॉल खेळायचा, आपला पायाने खेळायचा. तेव्हा मामांच्या या पहाटेच्या जागरणाचं आमच्या घरात कुणाला नवल नाही.

(दृश्य: मैदान. दोन्ही संघ आमनेसामने वाकलेले.)

चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं, की पुन्हा चार प्रयत्न मिळतात. बहुतेक संघ त्यासाठी चेंडू लांब फेकतात. आर्मी क्वचितच फेकते. त्यांचा क्वार्टरबॅक, म्हणजे चाल चालवणारा गडी, चेंडू हातात घेऊन समोरच्या एकाच गड्यावर नजर ठेवतो. तो गडी काय करतो ते बघायचं आणि क्षणात ठरवायचं: चेंडू मधून घुसणाऱ्याच्या पोटाशी द्यायचा, स्वतः घेऊन पळायचं, की बाजूने धावणाऱ्याकडे उडवायचा.

2022 मध्ये नियम बदलला. मधला ठरावीक पट्टा सोडला तर कमरेखाली अडवायला बंदी आली. असं खाली अडवणं हाच तर या पद्धतीचा कणा. 2023 मध्ये आर्मीने नवी पद्धत धरली, हंगाम सहा विजय, सहा पराभवांवर संपला. 2024 मध्ये प्रशिक्षक जेफ मंकन यांचा संघ पुन्हा जुन्या वाटेवर आला आणि पहिले नऊच्या नऊ सामने जिंकला.

त्यातला एक मला विसरता येत नाही. 9 नोव्हेंबर, नॉर्थ टेक्ससच्या मैदानावर. आपल्याकडे मध्यरात्र उलटलेली. आर्मी स्वतःच्याच गोलरेषेपासून सहा यार्डांवर अडकलेली. तिथून सुरू झालेली चाल 21 प्रयत्न, 94 यार्ड आणि 13 मिनिटं 54 सेकंद चालली. साठ मिनिटांच्या खेळात जवळजवळ चौदा मिनिटं चेंडू समोरच्यांच्या हाती लागलाच नाही. तीन यार्ड, चार यार्ड, पुन्हा तीन. शेवटी टचडाउन, म्हणजे चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपार. 14-3.

मामा हळूच म्हणाले, "ही पायदळाची चाल आहे रे."

टचडाउन करणारा सगळ्यांना दिसतो. क्वार्टरबॅक ब्रायसन डेलीने त्या हंगामात धावत जाऊन 32 टचडाउन केले. पण मामा बघायचे ते पुढच्या पाच धिप्पाड पोरांकडे. हातात चेंडू येत नाही, कॅमेरा थांबत नाही. अडवायचं, वाट मोकळी करायची, उठायचं, पुन्हा वाकायचं. "फोनवर साहेब बोलतो," मामा म्हणाले, "चिखलात लाइन कुणी टाकली ते कोण विचारतं?" त्या वर्षी देशातल्या सर्वोत्तम फळीला मिळणारा जो मूर पुरस्कार या पोरांनाच मिळाला. मी बातमी वाचून दाखवली. मामांनी ती दोनदा वाचायला लावली.

पहिला पराभव यांकी स्टेडियमवर, नोटर डेम विद्यापीठाकडून. 49-14. सपशेल. पण टुलेनविरुद्धच्या त्या सकाळी 35-14. 1890 पासून फुटबॉल खेळणाऱ्या या अकादमीचं हे पहिलं साखळी (विद्यापीठांच्या गटाचं) विजेतेपद, तेही नव्या साखळीत आल्याच्या पहिल्याच वर्षी.

(दृश्य: रात्र. सराफ्यातली गर्दी पांगतेय.)

आणि मग नेव्ही, म्हणजे नौदल अकादमीचा संघ. या दोन अकादमींचा 125 वा सामना, आपल्याकडे शनिवारची मध्यरात्र उलटून दीडला. आर्मी 31-13 अशी हरली. पण टीव्ही बंद करू नका म्हणून मी मामांना आधीच सांगून ठेवलं होतं. सामना संपला की दोन्ही संघ हरलेल्यांच्या कॅडेटांपुढे एकत्र उभे राहतात, त्यांचं गीत होतं. नंतर जिंकलेल्यांचं. म्हणून दोन्हीकडच्या पोरांची वर्षभर एकच आस असते, आपलं गीत दुसरं यावं.

मामा मफलर काढून उभे राहिले. दोन्ही गाणी संपेपर्यंत. त्या दिवशी डायरीत गुण लिहिलेले नाहीत. "आधी आपण गायलो," एवढंच आहे.

हंगामाचा शेवट श्रीव्हपोर्टला, इंडिपेंडन्स बोल या हंगामाअखेरच्या खास सामन्यात. समोर मार्शल विद्यापीठ असायला हवं होतं. पण त्यांचा प्रशिक्षक दुसरीकडे गेला, पाठोपाठ खेळाडूही गेले, संघच उरला नाही. ऐनवेळी लुइझियाना टेक आलं. आर्मी 27-6 ने जिंकली. बारा विजय, अकादमीच्या इतिहासात सर्वाधिक. आर्मीचाही एक चांगला धावपटू दुसऱ्या विद्यापीठात गेला. मामांना ते लागलं, पण बोलले नाहीत.

(दृश्य: 29 डिसेंबरची सकाळ. टेबलावर पोहे, जिरावण, उघडी डायरी.)

"पुढच्या वर्षी डेली?"

"नाही मामा. मे महिन्यात तो पास होईल, कमिशन मिळेल."

मामांनी पान उलटलं. वर त्याचा जर्सी क्रमांक लिहिला, 13. खाली जागा कोरी ठेवली.

"पोस्टिंग कळली की सांग."