सेर्गेई उरुसेव्स्की: धावणाऱ्या कॅमेऱ्याचा चित्रकार

मित्रहो, छायालेखकाविषयी बोलायची वेळ आली की आपण बहुतेक वेळा ‘फोटोग्राफी सुरेख होती’ एवढं म्हणून पुढे जातो. सोव्हिएत छायालेखक उरुसेव्स्कींच्या बाबतीत तेवढ्यावर भागत नाही. त्यांच्या चित्रपटांत गोष्ट कोण सांगतं, असं मला कुणी विचारलं तर मी म्हणेन, कॅमेरा सांगतो. आजच्या बोलण्यात मला एवढंच दाखवायचं आहे, आणि त्याची किंमत काय पडते तेही.

त्यांचा जन्म १९०८चा, सेंट पीटर्सबर्गचा. शिक्षण चित्रकलेचं, मॉस्कोत, व्लादिमीर फावोर्स्की यांच्या हाताखाली. फावोर्स्की म्हणजे लाकडावर कोरून चित्रं छापणारे थोर कलावंत. लाकडी ठोकळा कोरताना जेवढं लाकूड काढाल तेवढा कागदावर पांढरा येतो, उरेल तो काळा. ज्याचा हात या शिस्तीत घडला, तो पुढे कृष्णधवल फिल्मकडे वेगळ्याच नजरेनं पाहणार, हे उघड आहे. पुढे महायुद्ध आलं आणि उरुसेव्स्की कॅमेरा घेऊन आघाडीवर गेले. हातातला कॅमेरा घेऊन पळायचं, पडायचं, तरी चित्रण थांबवायचं नाही, ही सवय तिथली.

युद्धानंतर मार्क दोन्स्कोय, पुदोव्हकिन, रायझमन अशा दिग्दर्शकांबरोबर त्यांनी कामं केली. स्टालिन पारितोषिकंही मिळाली. हा काळ मी भरभर ओलांडतो, कारण त्या वर्षांत कॅमेऱ्याला फारसं हलायची मुभाच नव्हती. १९५६ साली ग्रिगोरी चुख्राय यांचा ‘द फॉर्टी-फर्स्ट’ आला, रंगीत, वाळवंटातला. त्यातल्या वाळूचे रंग पाहिले की आतला चित्रकार बाहेर पडतोय हे कळतं.

आणि मग दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव्ह. हे स्वतः मुळात छायालेखक, त्यामुळे कॅमेऱ्याचं वेड दोघांनाही सारखंच. त्यांचा १९५७चा ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’ दुसऱ्या वर्षी कान महोत्सवात सर्वोच्च मान घेऊन आला. ‘पाम दोर’ मिळवणारा तो एकमेव सोव्हिएत चित्रपट. छायालेखनाच्या कामगिरीसाठी उरुसेव्स्कींचाही तिथे वेगळा गौरव झाला.

यातल्या एका शॉटपाशी मला जरा रेंगाळायचं आहे. बोरिस आघाडीवर निघालाय आणि त्याची प्रेयसी वेरोनिका त्याचा निरोप घ्यायला बसनं येते आहे. रस्ता तुंबलाय. कॅमेरा बसमध्ये तिच्या चेहऱ्याजवळ आहे. ती उतरते, तसा कॅमेराही उतरतो. गर्दीतून वाट काढत ती पळते, तो तिच्या मागे. लोकांचे खांदे मध्ये येतात, ती दिसेनाशी होते, पुन्हा दिसते. आणि तेवढ्यात, कुठेही काट नाही, कॅमेरा उंच चढतो आणि खाली रणगाड्यांच्या रांगेतून धावत जाणारी एक चिमुकली मुलगी उरते. छायालेखक हातात कॅमेरा घेऊन बसमधून उतरला, तिच्याबरोबर चालला आणि क्रेनवर चढला, तेव्हा हा शॉट झाला. आज चालतानाही कॅमेरा स्थिर ठेवणारा स्टेडिकॅम आहे, ड्रोन आहे. त्या वेळी होतं ते माणसाचं शरीर आणि अगणित तालमी.

पण कसरत बाजूला ठेवा. आधी आपण तिच्या श्वासाएवढे जवळ होतो, आणि एका क्षणात युद्धाएवढे दूर गेलो. संवाद एकही नाही. पुढे कुंपणापाशी ती बोरिसला शोधते, हाका मारते, सापडत नाही. तिनं फेकलेली बिस्किटांची पुडी त्याच्यापर्यंत पोचत नाही, निघालेल्या सैनिकांच्या पायांखाली बिस्किटांचा चुरा होतो. हे दृश्य मी कितीही वेळा पाहिलं तरी घशाशी आवंढा येतो.

बोरिसच्या मृत्यूचंही तसंच. गोळी लागते, तो बर्चच्या खोडाला धरतो, वर बघतो, आणि झाडांचे शेंडे गरगर फिरू लागतात. त्यांच्यावरच न झालेल्या लग्नाची दृश्यं उमटतात. तो कोसळतो आहे हे आपण बाहेरून पाहत नाही, त्याच्याबरोबर कोसळतो.

१९६४चा ‘आय अ‍ॅम क्यूबा’ तांत्रिकदृष्ट्या याच्याही पुढचा. काही भागांसाठी अवरक्त किरणांना संवेदनशील असलेली फिल्म वापरली. हिरवी पानं हे किरण जोरात परतवतात, म्हणून ऊस आणि ताडमाड पांढरेशुभ्र दिसतात आणि आभाळ काळवंडतं. विद्यार्थ्याच्या अंत्ययात्रेत कॅमेरा रस्त्यावरून इमारतीच्या कडेनं वर जातो, सिगार वळणाऱ्या कामगारांच्या खोलीत शिरतो, पलीकडच्या खिडकीतून बाहेर पडतो आणि गर्दीच्या डोक्यावर अधांतरी तरंगत राहतो. कॅमेरा या हातातून त्या हातात देत, शेवटी तारेवर अडकवून हे साधलं. कॅमेरा चालवणारे होते अलेक्झांडर काल्झात्ती, त्यांचंही नाव घ्यायला हवं.

तरीही माझं मत सांगतो, तुम्हाला पटेलच असं नाही. ‘क्रेन्स’मध्ये कॅमेऱ्याला एक माणूस आहे, वेरोनिका. ती धावते म्हणून तो धावतो. ‘क्यूबा’त तो कुणाचाच नाही. थक्क व्हायला होतं, पण अंत्ययात्रा कुणाची होती हे आपण क्षणभर विसरतो. क्यूबातल्या प्रेक्षकांना त्यात आपला देश दिसला नाही आणि मॉस्कोला तो फार दिखाऊ वाटला. चित्रपट मागे पडला. नव्वदच्या दशकात अमेरिकेतल्या महोत्सवांत तो पुन्हा दाखवला गेला आणि मार्टिन स्कॉर्सेझी व फ्रान्सिस फोर्ड कोपोला यांनी त्याच्यामागे आपली नावं उभी केली.

उरुसेव्स्की तोवर हयात नव्हते, १९७४ सालीच गेले. त्याआधी त्यांनी दोन चित्रपट स्वतः दिग्दर्शित केले होते, एक चिंगीझ ऐतमातोव्ह यांच्या घोड्याच्या कथेवर, दुसरा कवी येसेनिनवर. त्यांची चर्चा फारशी होत नाही. कुणाला त्यांच्या चांगल्या प्रती मिळाल्या तर मंडळाला जरूर कळवा, आपण दोन्ही एकाच बैठकीत पाहू. आता दिवे मालवू या, ‘क्रेन्स’ची प्रत तयार आहे.