दात नसलेला वाघ करतो तरी काय?

नमस्कार मंडळी. रात्री धडधाकट माणूस पोलीस कोठडीत गेला आणि सकाळी घरच्यांना निरोप आला, ‘बॉडी घेऊन जा.’ आत काय घडलं हे सांगणार कोण? तर पोलीसच!

राष्ट्रीय मानवाधिकार आयोग १२ ऑक्टोबर १९९३ रोजी स्थापन झाला, आणि दोनच महिन्यांत, १४ डिसेंबरला, त्याने या दुखण्यावर बोट ठेवलं. कोठडीत मृत्यू किंवा बलात्कार झाला, तर जिल्हाधिकारी आणि पोलीस अधीक्षकांनी चोवीस तासांच्या आत आयोगाला कळवायचं. नाही कळवलं, तर प्रकरण दडपायचा प्रयत्न झाला असं आम्ही धरून चालू. ही शेवटची मेख मला फार आवडते. गप्प बसणं हाच संशय!

मग १९९५ मध्ये पुढचं पाऊल: अशा मृत्यूंच्या पोस्टमार्टेमचं व्हिडिओ चित्रीकरण करा. कारण उघड आहे. कागदावर ‘किरकोळ खरचटलं’ असं लिहिता येतं. पाठीवरचे वळ कॅमेरा कसे लपवणार?

आता कुणी म्हणेल, मग आयोग दोषींना आत का टाकत नाही? तो अधिकारच त्याला नाही. साक्षीदार बोलावता येतात, कागदपत्रं मागवता येतात, पण शेवटी हातात उरते ती शिफारस: भरपाई द्या, खटला भरा. सरकारने ती बासनात गुंडाळली, तर आयोगाने कोर्टाची पायरी चढायची. सैन्यदलांविरुद्धच्या तक्रारीत तर केंद्राकडून अहवाल मागवण्यापलीकडे फारसं काही करता येत नाही. आयोगाचे माजी अध्यक्ष न्यायमूर्ती एच. एल. दत्तू यांनीच त्याला दात नसलेला वाघ म्हटलं होतं. घरचा आहेर!

तरीही तक्रार करा. फी नाही, वकील लागत नाही, मराठीत लिहिलेलं चालतं. महाराष्ट्राचा स्वतंत्र आयोग मुंबईत आहे. एकच तक्रार दोन्हीकडे धाडू नका. एकीकडे प्रकरण सुरू असेल तर दुसरीकडे ते घेत नाहीत. आणि घटनेला वर्ष उलटलं की दार बंद.

म्हणून तारीख महत्त्वाची. अटकेच्या मेमोवर, म्हणजे अटक करताना पोलीस जो कागद करतात त्यावर, तारीख आणि वेळ असते, साक्षीदार म्हणून घरच्या किंवा परिसरातल्या कुणाची तरी सही असते. ती सही तुम्हाला करायला सांगितली, तर आधी घड्याळ बघा, मगच पेन हातात घ्या.