सोलापूरचा मे महिना पडद्यावर कसा लिहायचा

हा जो चौक दिसतोय ना, सिग्नलला थांबलेल्या रिक्षा, मागून हॉर्न मारणारी एसटी आणि मधोमध हे चार पुतळे, हा आमचा चार हुतात्मा चौक. सोलापुरात वाढलेल्या माणसाने इथून हजार वेळा तरी चक्कर मारलेली असते. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे, कुर्बान हुसेन. नावं शाळेपासून पाठ आहेत, 12 जानेवारी 1931, येरवडा जेल, फाशी, तेही पाठ. पण डोळे मिटून यांच्यातल्या एकाला बोलताना ऐकायचं म्हटलं तर आवाजच येत नाही. मी गेले काही महिने यांच्यावर स्क्रिप्ट लिहितोय आणि अडकलोय ते नेमका तिथंच.

पहिला ड्राफ्ट पुस्तकी मराठीत झाला होता. चौघंही एकाच सुरात बोलतायत, प्रत्येक वाक्यात मातृभूमी. मोठ्याने वाचला तेव्हा कळलं की ही माणसं सोलापूरची नाहीतच. अहो या गावात एकाच गल्लीत घरात कानडी, कट्ट्यावर मराठी, दुकानात दखनी आणि मागावर तेलुगू चालते, आणि हे चौघं त्याच गावातले, एक लिंगायत, एक मारवाडी, एक मराठा, एक मुसलमान. त्यांना एकसारखं बोलायला लावलं की सोलापूर संपलंच, आणि ते संपलं की 1930 च्या मे महिन्यात इंग्रजांविरुद्ध हेच गाव का पेटलं तेही कळत नाही.

मग मी जुनी कामं बघायला बसलो. सोलापूरची माणसं याआधी पडद्यावर कशी गेली ते बघायचं होतं.

सगळ्यात आधी डॉ. कोटणीस. भैय्या चौकात त्यांच्या घराचं आता स्मारक झालंय, जाऊन या कधीतरी. द्वारकानाथ कोटणीस, जन्म 10 ऑक्टोबर 1910, सोलापूर. 1938 ला काँग्रेसने पाच डॉक्टरांचं पथक चीनला पाठवलं, जपानशी युद्ध चालू होतं तिकडे, आणि त्या पाचात हे. तिकडे असतानाच वडील गेल्याची बातमी आली तरी परत फिरले नाहीत. 1940 मध्ये तर सलग 72 तास ऑपरेशन केल्याचं सांगतात. तिथल्याच नर्सशी, गुओ छिंगलानशी लग्न केलं, मुलगा झाला, त्याचं नाव ठेवलं यिनहुआ, यिन म्हणजे भारत, हुआ म्हणजे चीन. आणि 9 डिसेंबर 1942 ला गेले, वय 32, मूल जेमतेम काही महिन्यांचं.

ही गोष्ट व्ही. शांतारामांनी 1946 ला पडद्यावर आणली, 'डॉ. कोटनीस की अमर कहानी'. कोटणीस झाले स्वतः शांताराम, बायको झाल्या जयश्री, आणि मूळ पुस्तक ख्वाजा अहमद अब्बास यांचं. इथं लेखकाचा हात दिसतो बघा. खऱ्या आयुष्यात कोटणीस गेले अपस्माराच्या झटक्यांनी, सिनेमात मात्र प्लेगची साथ आहे, त्यावरचा उपाय शोधणं आहे, जपान्यांच्या तावडीत सापडणं आहे. मला विचाराल तर याची गरज नव्हती. रात्र रात्र जागून जखमी शिवणारा, झटके येतायत तरी वॉर्डात उभा राहणारा माणूस, यापेक्षा मोठा प्रसंग कुठला लेखक रचणार? पण एक गोष्ट त्या सिनेमाने पक्की केली, की देशाचा इतिहास म्हणजे फक्त दिल्ली-मुंबई नाही, सोलापूरच्या एका घरातून निघालेला मुलगा थेट चीनच्या डोंगरात जाऊ शकतो. स्वातंत्र्य मिळायच्या आधीच्या वर्षी लोकांनी हे थेटरात बसून बघितलंय.

आणि लगेच पुढच्या वर्षी, 1947 ला, शांतारामांच्याच राजकमल या चित्रसंस्थेतून आणखी एक सोलापूरकर पडद्यावर आला, 'लोकशाहीर रामजोशी'. लेखन गदिमांचं, संगीत दोन्ही सिनेमांना वसंत देसाईंचंच. रामजोशी जन्मले सोलापुरात, वैदिक ब्राह्मणाच्या घरात, थोरला भाऊ मुद्गल कीर्तन-पुराण सांगणारा, आणि याला नाद तमाशाचा, म्हणून घरातून बाहेर. 'सुंदरा मनामधि भरली' यांचीच. पेशवाईच्या उत्तरार्धातला हा माणूस, पण त्याची गोष्ट सांगायला ना लढाई लागते ना दरबार. डफ, तुणतुणं, घरचा दरवाजा बंद झाल्याचा आवाज, आणि फडावरचा माणूस. तो काळ कसा होता हे मला इतिहासाच्या पुस्तकापेक्षा त्या फडावर जास्त कळतं. शाहिराची भाषा शाहिराचीच राहिली, म्हणून.

टीव्हीचं गणित वेगळं. 1988 ला दूरदर्शनवर श्याम बेनेगलांची 'भारत एक खोज' सुरू झाली, 53 भाग, पाच हजार वर्षं. लिहिणाऱ्यांत शमा झैदी, अतुल तिवारी. आधार नेहरूंच्या पुस्तकाचा, जे त्यांनी 1944 ला नगरच्या किल्ल्यात कैदेत असताना पाच महिन्यांत लिहिलं, म्हणजे आपल्यापासून फार लांब नाही. एवढा पसारा टीव्हीच्या छोट्या पडद्यावर मावणार कसा? तर नेहरू स्वतः येऊन बोलतात, रोशन सेठ होते ते, मग ओम पुरींचा आवाज धागा पुढे नेतो, आणि मग नाटकासारखा प्रसंग उभा राहतो. हे मला फार प्रामाणिक वाटतं, कारण बघणाऱ्याला कायम माहीत असतं की कोणीतरी आपल्याला हे सांगतंय, ही त्याची बाजू आहे. मी माझ्या स्क्रिप्टला निवेदक ठेवला तो यांच्याकडून शिकून.

1930 म्हटलं की पडद्यावर मिठाचा सत्याग्रह येतो, दांडी येते, धारासणा येतं. 1982 चा 'गांधी' बघा, 3 तासांपेक्षा मोठा सिनेमा, त्यातही सोलापूर नाही. तक्रार नाही माझी, एका आयुष्यात सगळं बसत नाही. पण मग हे आपण लिहायचं ना? गांधीजींना 5 मे ला अटक झाली आणि त्यानंतरचं सोलापूर कसं होतं ते ऐका. गिरणी कामगारांचं गाव, भोंग्यावर चालणारं. 8 मे ला रूपाभवानीच्या भागात लोक शिंदीची झाडं तोडायला गेले, शिंदीच्या रसाची दारू होते ना, दारूबंदीचं आंदोलन होतं ते, पोलिसांनी अडवलं, गोळीबार झाला, शंकर शिवदारे गेला. मग गाव उसळलं. मंगळवार पेठेची पोलीस चौकी जळाली, पोलीस मारले गेले, कोर्टाला आग लागली. त्यानंतर 9, 10, 11 मे, तीन दिवस गावात इंग्रजांचं राज्यच नव्हतं, रस्त्यावरचा बंदोबस्त काँग्रेसचे स्वयंसेवक बघत होते. 12 तारखेला मार्शल लॉ लागला तो जूनअखेरपर्यंत. चौकीच्या केसमध्येच या चौघांना फाशी झाली.

मी हे लिहिताना चौकीतला तो भागही ठेवलाय, मेलेले पोलीस पण ठेवलेत. तीही माणसंच होती, आपल्यातलीच. ते कापून टाकलं तर सीन गुळगुळीत होतो, आणि बघणाऱ्याला वाटतं आपल्यापासून काहीतरी लपवलंय.

आणि झेंडा! एवढं एक सांगतोच, कारण शूटिंगला हमखास चुकतं. 6 एप्रिल 1930 ला सोलापूरच्या नगरपालिकेवर तिरंगा लागला, आम्हाला त्याचा फार अभिमान आहे. पण त्या झेंड्यावर चरखा होता. अशोकचक्र 22 जुलै 1947 ला आलं. स्क्रिप्टमध्ये मी 'झेंडा' एवढाच शब्द न ठेवता पुढे 'चरख्याचा' असं दोनदा लिहिलंय, म्हणजे कपडेपटवाला गोंधळणार नाही.

तारखेचंही तसंच. 12 जानेवारी. सोलापूरच्या माणसाला विचारा या दिवसात काय असतं, तो म्हणेल गड्डा. संक्रांतीची सिद्धेश्वराची यात्रा, नंदीध्वज, पांढऱ्या बाराबंदीतली, म्हणजे बंद बांधायच्या जुन्या अंगरख्यातली माणसं, तळ्याकाठी गर्दी. त्याच दिवसांच्या तोंडावर येरवड्यात चौघांना फाशी. हा सीन मी अजून लिहिलेला नाही. फक्त कागदावर वर लिहून ठेवलंय, 'बाराबंदी धुऊन दोरीवर वाळत घातलेल्या, आई दारात'. बाकीचं हळूहळू येईल.

पहिला सीन मात्र झालाय, आणि तो सुचला एका म्हाताऱ्या तेलुगू विणकर मामांमुळे. पूर्व भागात त्यांचं घर, खाली माग, वर राहायला. त्यांना मी 8 मे चा सीन वाचून दाखवत होतो, शिंदीच्या झाडापाशी आलो तर थांबवलं त्यांनी मला. म्हणाले, अरे ए, सगळे जण शिंदी शिंदीच करलालेत होय? आमच्यात ईत चेट्टु म्हणतात. शेजारी कानडी बाई बसल्या होत्या, त्या म्हणाल्या, आमच्यात ईचल. मी तिथंच पेन काढलं.

आता सीन असा आहे. पहाट. लांबून गिरणीचा भोंगा. अंधारात कुऱ्हाडी घेतलेली माणसं, चेहरे दिसत नाहीत, नुसते आवाज. एक विचारतो, शिंदी कुठंय? पलीकडून कोणीतरी, ईचल, ईचल, इकडं. आणि तिसरा आवाज, पोरगेलासा, ईत चेट्टु. एकाच झाडाची तीन नावं. मग पहिली कुऱ्हाड बसते.