उमराणी ते नेसरी : प्रतापरावांचे दहा महिने

गडहिंग्लज तालुक्यातल्या नेसरीच्या खिंडीत येणारा प्रत्येक जण स्मारकापुढे हात जोडतो आणि सात स्वारांची दौड डोळ्यांपुढे आणतो. पण स्वराज्याचे सरनोबत म्हणजे सेनापती प्रतापराव गुजरांच्या मनात तेव्हा काय चालले होते, हे जाणून घ्यायचे तर आधी जत तालुक्यातल्या उमराणीच्या या माळावर यावे लागते.

मार्च १६७३ मध्ये पन्हाळा स्वराज्यात आला आणि तो परत घेण्यासाठी आदिलशाहीने बहलोलखानाला धाडले. एप्रिलमध्ये प्रतापरावांनी त्याला उमराणीला गाठले आणि आधी पाणवठा रोखला. इकडचे एप्रिलचे ऊन ज्याने अंगावर घेतले आहे, त्याला या डावाची धार वेगळी सांगावी लागत नाही. माणसे, घोडी, हत्ती सारेच पाण्यावाचून तडफडू लागले. मोठी झुंज झाली, खानाचा एक हत्ती पाडाव झाला आणि अखेर खान शरण आला. प्रतापरावांनी त्याला वाट दिली. शरण आलेल्यावर हत्यार चालवू नये, हा शिपाईधर्म आहे. आदल्याच वर्षी साल्हेरला मोगलांना धूळ चारणाऱ्या सेनापतीचा हा निर्णय भाबडेपणा ठरवणे आम्हाला मान्य नाही.

शिवाजी महाराजांना मात्र रयतेची काळजी होती. खान सुटला म्हणजे तो पुन्हा येणार, हे ते ओळखून होते, आणि तसेच झाले. सल्ला (तह) कशासाठी केला, असा जाब त्यांनी विचारला आणि खानाला बुडवून फत्ते केल्याखेरीज तोंड दाखवू नका, असे लिहून पाठवले, असे सभासदाची बखर सांगते. धन्याचा शब्द आणि स्वतः दिलेले अभय, या दोहोंच्या कात्रीत सापडलेल्या सेनापतीने पुढचे दिवस कसे काढले असतील, हे या माळावर उभे राहिले की थोडेफार उमगते.

२४ फेब्रुवारी १६७४, महाशिवरात्र. बहलोलखान नेसरीजवळ असल्याची खबर येताच प्रतापरावांनी घोड्याला टाच मारली. दोन डोंगरांमधल्या अरुंद वाटेत, मागची फौज येऊन मिळण्याआधीच, ते सहा स्वारांसह पडले, असे त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये दुभाषी नारायण शेणव्याने मुंबईकर इंग्रजांना कळवले.

सरदार आनंदरावांनी फौज सावरली, सरनोबती हंबीरराव मोहित्यांकडे गेली, ६ जून १६७४ रोजी रायगडावर राज्याभिषेक झाला आणि पुढे १६८० मध्ये प्रतापरावांची लेक जानकीबाई राजारामांची राणी म्हणून भोसल्यांच्या घरात आली.